वाया गेलेला संगीतकार दाखवा

"अशोक पत्की? माणूस गुणी, पण जिंगल आणि मालिकांपायी वाया गेला." हे वाक्य आमच्या नागोठण्यात इतक्यांदा कानावर आलंय की बोलणारा कोण हे मी आता वळूनही पाहत नाही. गणपतीत भजन आटोपून चहाची वाट पाहत बसलेले पेटीवाले बोलतात, दिवा-रोहा गाडीत पेणनंतर बसायला जागा मिळालेले नोकरदार बोलतात आणि जन्मात एक तान न घेतलेलेही बोलतात. वनराज भाटियांचं नाव निघालं तर मजकूर थोडा बदलतो: "लंडन-पॅरिसला शिकून आला आणि इथे साड्यांच्या जाहिराती करत बसला." भास्कर चंदावरकरांचं नाव सहसा निघतच नाही. त्यांच्या वाया जाण्याचीही कोणी दखल घेतलेली नाही.

बोलणाऱ्यांच्या मनात खोट नसते. त्यांच्या डोक्यात एक उतरंड पक्की बसलेली असते. सगळ्यात वर मैफल, तिच्याखाली नाट्यपद, मग भावगीत, मग सिनेमाचं गाणं. पडद्यावर माणसं बोलत असताना मागे जे वाजतं ते, मालिकेच्या सुरुवातीचं मिनिटभराचं गीत आणि तेलाच्या जाहिरातीतल्या चार ओळी पार तळाला. जो वरून खाली आला तो घसरला, असा साधा हिशेब. हा हिशेब चुकीचा आहे, आणि तो का चुकतो हे नागोठण्यातून जितकं स्वच्छ दिसतं तितकं दादर किंवा सदाशिव पेठेतून दिसणार नाही.

कारण आधी प्रश्न असा, की ऐकणारा कोण? अंबा नदीच्या काठचं हे गाव रोहा तालुक्यातलं. महामार्ग आहे, रेल्वे स्टेशन आहे, पलीकडे पेट्रोकेमिकलचा अवाढव्य कारखाना आहे. पण नावाजलेल्या गवयाची बैठक ऐकायची तर मुंबई किंवा पुणं गाठायचं, आणि रात्री परतायचं कसं याची चिंता आलाप सुरू व्हायच्या आधीच करायची. गावाला स्वतःचं संगीत नाही असं मुळीच नाही. भजनी मंडळं आहेत, आगऱ्यांच्या हळदीची गाणी आहेत, पालखीपुढचा ढोल आहे, कातकरी वाड्यांवरचे नाच आहेत. पण कोणीतरी नव्याने बसून बांधलेली चाल, शिकलेल्या गळ्यातून आणि चांगल्या वाद्यमेळातून, ही घरात यायची ती आकाशवाणीवरून आणि नंतर दूरदर्शनवरून. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. आमच्याकडे चित्र धड दिसायला पुढे कितीतरी वर्षं बांबूवर चढवलेली अँटेना वरळीच्या दिशेला फिरवत बसावं लागे. चित्राला मुंग्या यायच्या, पण आवाज मात्र बऱ्यापैकी यायचा. दूरदर्शनचं संगीत इथे चित्राआधी पोचलं.

मग १९९९ मध्ये अल्फा मराठी आलं आणि 'आभाळमाया' सुरू झाली. त्या मालिकेचं शीर्षकगीत मंगेश कुळकर्णींचं, चाल अशोक पत्कींची, गळा देवकी पंडितांचा. हे गीत आमच्या आळीत कसं ऐकलं जायचं ते सांगतो. मालिका बघायला बसायचं म्हणून बायका आधीच येऊन बसत नसत. त्या स्वयंपाकघरात असत, कोणाचा भात चुलीवर, कोणाच्या हाताला पीठ. शीर्षकगीताचा पहिला सूर निघाला की भांड्यांचा आवाज थांबायचा. गीत संपेपर्यंत आच मंद व्हायची, हात पदराला पुसले जायचे, आणि शेवटच्या ओळीला माणूस दारात उभा असायचा. भिंतीपलीकडच्या घरातही तेच, आणि त्यापलीकडच्याही. आता हे बघा: देवकी पंडित किशोरी आमोणकर आणि जितेंद्र अभिषेकी यांच्याकडे शिकलेल्या. ज्या घरांतून एकही माणूस कधी शास्त्रीय गाण्याच्या बैठकीला गेला नव्हता, त्या घरांतल्या पोरी भाजी निवडताना त्या गळ्याच्या जागा नकळत घेत होत्या. चुकीच्या घेत असतील, पण घेत होत्या. ज्याच्या चालीने हे घडलं तो वाया गेला म्हणायचं, तर मग कामी आलेला कोणाला म्हणायचं?

यावर उत्तर येतं, "ते ठीक, पण मिनिटभराच्या चालीत संगीत ते काय असणार?" आक्षेपाचं खरं मूळ हे आहे. लांबीवरून कस ठरवायचा. जणू विलंबित ख्याल पाऊण तास चालतो म्हणून मोठा आणि जाहिरात वीस सेकंदांची म्हणून क्षुल्लक. असं बोलणाऱ्याने पडद्यासाठी चाल बांधण्याचं काम कधी जवळून पाहिलेलं नसतं, म्हणून ते जरा उघडून दाखवतो.

समजा, दृश्यात दार उघडतं ते साडेसाताव्या सेकंदाला. संगीत दृश्याच्या सुरुवातीला चालू होतं आणि दार उघडताच ते समेवर यावं अशी दिग्दर्शकाची अपेक्षा आहे. संगीतकाराच्या डोक्यात जी लय आहे ती मिनिटाला १२० मात्रांची, म्हणजे अर्ध्या सेकंदाला एक मात्रा. तीनतालाचं सोळा मात्रांचं आवर्तन आठ सेकंदांत पुरं होणार. सम येणार आठव्या सेकंदाला. दार तर अर्धा सेकंद आधीच उघडलं. सिनेमाची फिल्म सेकंदाला २४ चौकटी पळते, म्हणजे सम बारा चौकटी उशिरा पोचली. प्रेक्षकाला हे मोजता येत नाही, पण काहीतरी लंगडतंय हे त्याला कळतं. मग लय मिनिटाला १२८ मात्रांवर न्यायची. सोळा मात्रा बरोबर साडेसात सेकंदांत बसतात. पण १२८ वर सतारीचा तो तुकडा घाईत वाटायला लागतो, म्हणून तुकडाच बदलायचा. की तीनतालच सोडायचा? की समेला काहीच वाजवायचं नाही आणि दाराची करकर ऐकू द्यायची? हे सगळं ठरवायचं स्टुडिओत, वादक बसलेले, भाड्याचं मीटर पळतंय, सहायकाच्या हातात स्टॉपवॉच आणि समोरच्या पडद्यावर तेच रीळ पुन्हा पुन्हा. पुढे संगणक आला, मोजणं सोपं झालं; ठरवणं अजून माणसालाच करावं लागतं.

आणि वीस सेकंदांच्या जाहिरातीत त्याच १२० च्या लयीत मात्रा मिळतात चाळीस. तीनतालाची अडीच आवर्तनं. एवढ्यात चाल उभी राहिली पाहिजे, मालाचं नाव दोनदा आलं पाहिजे, आणि एकदा ऐकून शाळकरी पोराला ती पाठ झाली पाहिजे. आपले जाणकार "फक्त वीस सेकंद" म्हणतात तेव्हा त्यातला "फक्त" मला कळत नाही. वीस सेकंदांत लोकांच्या तोंडी बसणारं काहीतरी करून दाखवायला सांगितलं तर भल्याभल्यांची दमछाक होईल.

पत्कींचंच घेऊ. 'केतकीच्या बनी' आणि 'नाविका रे' ही सुमन कल्याणपूरांची भावगीतं ऐकून आपले जाणकार डोळे मिटतात. शब्द अशोकजी परांजप्यांचे, चाल पत्कींची. दूरदर्शनवरच्या 'गोट्या'ची चालही त्याच माणसाची, 'वादळवाट'ची त्याचीच. अभिषेकीबुवांच्या हाताखाली काम केलेला, स्टुडिओत वादक आणि सहायक म्हणून घडलेला हा माणूस. १९८८ च्या स्वातंत्र्यदिनी दूरदर्शनवर आलेलं 'मिले सुर मेरा तुम्हारा' आठवा. त्यातली भैरवी भीमसेन जोशींच्या गळ्यातून सुरू होते आणि पुढे एकेक प्रांताची भाषा घेत जाते. त्याच्या चालीत पत्कींचा हात, वाद्यमेळ लुई बँक्सचा, शब्द पीयूष पांडेंचे, कल्पना सुरेश मलिक यांची. यातले पांडे आणि मलिक जाहिरातवाले, आणि पत्की व बँक्स यांचाही जिंगलशी रोजचा संबंध. चार-सहा मात्रांत आवाज बदलायचा, भाषा बदलायची, वाद्यं बदलायची आणि चाल मात्र तुटू द्यायची नाही, ही कसरत ज्यांच्या हातात रोजच्या कामाने बसली होती त्यांनीच ते गीत केलं. मैफलीतल्या थोर गवयांनी ते गायलं, हे खरं. पण त्यांना एका धाग्यात आणलं ते जिंगलवाल्यांनी. पुढे पत्कींना संगीत दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो 'अंतर्नाद' या कोकणी चित्रपटासाठी. वाया गेलेल्या माणसाचा हा ताळेबंद असेल तर आणखी चार-दोघांनी वाया जावं.

आता दुसरं उदाहरण कोकणातलंच घेतो, कारण कोकणी माणसाला कोकणी माणसाचा दाखला पटतो. वसंत देसाई. जन्म १९१२ चा, कुडाळजवळच्या सोनवड्याचा. प्रभातमध्ये पडेल ते काम करत शिकले, पुढे शांतारामबापूंबरोबर 'शकुंतला', 'झनक झनक पायल बाजे', 'दो आँखें बारह हाथ'. आयुष्यभर सिनेमा. 'दो आँखें'मधली कैद्यांची प्रार्थना पडद्यावरून उतरून देशभरच्या शाळांमध्ये गेली आणि अजून तिथेच आहे. 'गुड्डी'मधली प्रार्थनाही तशीच गेली. आपल्या रायगड जिल्ह्यातल्या किती शाळांची सकाळ या दोन चालींनी सुरू झाली असेल त्याची मोजदाद कोणी ठेवली नाही. ऑक्टोबर १९६६ मध्ये एम. एस. सुब्बुलक्ष्मी संयुक्त राष्ट्रसंघाच्या सभागृहात गायल्या. तिथे त्यांनी कांचीच्या परमाचार्यांनी रचलेलं जे संस्कृत मैत्रीगीत म्हटलं, त्याची चाल वसंत देसाईंची. कर्नाटक संगीतातल्या त्या काळच्या सर्वांत मान्यवर गायिकेने जगापुढे गायचं ठरवलेल्या गीताला चाल दिली ती एका सिनेमावाल्या मालवणी माणसाने! उतरंड मानणाऱ्यांनी हे तिच्यात कुठे बसवायचं ते एकदा सांगावं.

गाण्याच्या चालीबद्दल निदान वाद तरी होतो. पडद्यामागच्या संगीताबद्दल तोही होत नाही, आणि मला खरा राग या गोष्टीचा आहे. आपल्याकडे संगीतकार म्हणजे गाण्यांना चाली लावणारा. सिनेमा पाहून आलेला माणूस "गाणी बरी आहेत" किंवा "गाणी नाहीत" एवढंच म्हणतो. "गाणी नाहीत" म्हणजे संगीतच नाही, असा अर्थ.

भास्कर चंदावरकर १९३६ मध्ये जन्मले, रविशंकरांकडे सतार शिकले, १९६५ पासून पंधरा वर्षं पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संगीत शिकवत होते. रंगभूमीवर 'घाशीराम कोतवाल'चं संगीत त्यांचं. मराठीत 'सामना'ला संगीत त्यांचं, मृणाल सेन यांच्या हिंदी 'खंडहर'ला त्यांचं, अपर्णा सेन यांच्या बंगाली 'परोमा'ला त्यांचं, ओडिया 'माया मिरिगा'ला त्यांचं, कन्नड 'वंशवृक्ष'ला आणि के. जी. जॉर्ज यांच्या मल्याळम 'स्वप्नादनम'लाही त्यांचंच. मराठी माणसाने इतक्या भाषांच्या चांगल्या दिग्दर्शकांबरोबर काम केल्याची दुसरी उदाहरणं शोधायला वेळ लागेल. आणि नागोठण्यात त्यांचं नाव किती जणांना माहीत आहे? महाराष्ट्रात तरी किती जणांना?

२००४ मधला 'श्वास' मात्र सगळ्यांनी पाहिलाय. सुवर्णकमळ मिळालं, ऑस्करला गेला, गावोगावी त्याचे खेळ झाले. नातवाचे डोळे जाणार आहेत हे कळलेला कोकणातला आजोबा आणि शस्त्रक्रियेआधी नातवाला जग दाखवून आणण्याची त्याची धडपड. रडवायला अशी गोष्ट एखाद्याच्या हातात आयती सापडली तर तो व्हायोलिनांची रांग लावून देईल. चंदावरकरांनी ती लावली नाही. एकाही गाण्यामुळे कोणाला 'श्वास' आठवत नाही. अरुण नलावडेंचा चेहरा आठवतो, पोराचा हट्ट आठवतो. मागे कुठे काय वाजलं ते आठवत नाही, आणि माझ्या मते तेच त्या कामाचं यश आहे. संगीत पुढे आलं असतं तर आजोबा मागे गेला असता.

न वाजवणं हाही संगीताचा निर्णय असतो, हे मराठी सिनेमाला फार आधीच कळलं होतं. १९३७ च्या 'कुंकू'त शांतारामबापूंनी पार्श्वसंगीत जवळपास टाकूनच दिलं आणि दृश्यातल्या खऱ्याखुऱ्या आवाजांवर भर दिला. संगीतकार होते केशवराव भोळे, स्वतः गाणारे आणि संगीतावर लिहिणारे. बाला-जरठ विवाहाच्या त्या गोष्टीत घड्याळाची टिकटिक जे बोलते ते सारंगीने बोललं नसतं. उलटही खरं. हिचकॉकला 'सायको'मधल्या न्हाणीघरातल्या खुनाच्या दृश्यात संगीत नको होतं; बर्नार्ड हरमनने तरी नुसत्या तंतुवाद्यांवर ते लिहून ऐकवलं आणि हिचकॉकने मत बदललं. कुठे वाजवायचं आणि कुठे गप्प बसायचं हे कळणं म्हणजे संगीताची समज. मैफलीतही आपण गवयाच्या थांबण्याला दाद देतोच की! पडद्यामागचा थांबला तर मात्र त्याने कामच केलं नाही असं का?

या दुर्लक्षाला सरकारी शिक्काही बरीच वर्षं होता. राष्ट्रीय पुरस्कारांत गाण्यांचं संगीत आणि पार्श्वसंगीत असे दोन वेगळे पुरस्कार नेमाने द्यायला सुरुवात झाली ती २००९ च्या चित्रपटांपासून. त्याआधी एखाद-दुसरा अपवाद सोडला तर सगळं एकाच गाठोड्यात, आणि गाठोड्यात गाणी वर दिसतात. 'फँड्री'चं पार्श्वसंगीत कोणाचं असं विचारलं तर दहातले नऊ जण अजय-अतुल म्हणतील. ते आलोकनंदा दासगुप्ता यांचं आहे.

आता वनराज भाटिया. विरोधकांचा सगळ्यात भक्कम दाखला हाच, आणि त्याला बगल देणं बरं दिसणार नाही. मुंबईत वाढलेला हा कच्छी माणूस लंडनच्या रॉयल अकॅडमीत शिकला, पॅरिसला नादिया बुलांजे यांच्याकडे शिकला. युरोपातल्या कोणत्याही वाद्यवृंदासाठी लिहू शकला असता. परत आल्यावर पोट भरलं ते जिंगलांनी, हजारोंच्या संख्येने. पियानोसाठी, वाद्यवृंदासाठी त्यांनी लिहिलं. गिरीश कार्नाडांच्या नाटकावर ऑपेराही लिहीत होते. ते संगीत इथे फारसं वाजलं नाही. म्हणून हळहळ.

हळहळ योग्य आहे, पण ठपका भलत्यावर ठेवलाय. तो ऑपेरा वाजवायला इथे वाद्यवृंद किती होते? ऐकायला तिकीट काढून कोण येणार होतं? जाहिराती नसत्या तर भाटियांनी सिंफनी लिहिल्या असत्या हे खरं धरलं, तरी त्या कपाटात राहिल्या असत्या. आणि जाहिरातींनी काय दिलं ते पाहा. श्याम बेनेगलही मूळचे जाहिरातपटवाले. त्या धंद्यात जुळलेली ओळख १९७४ मध्ये 'अंकुर'पर्यंत गेली, तिथून 'मंथन', 'भूमिका', 'जुनून'. समांतर सिनेमाचा आवाज म्हणून आज जो आपण ओळखतो तो साड्या विकणाऱ्या जिंगलच्या वाटेने आला. १९८८ मध्ये गोविंद निहलानींच्या 'तमस'ला त्यांनी जे संगीत दिलं त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी बेनेगलांची 'भारत एक खोज' सुरू झाली, ५३ भागांची. तिच्या सुरुवातीला ऋग्वेदातलं नासदीय सूक्त, आधी संस्कृतात आणि मग हिंदीत, समूहस्वरात. ज्याने पॅरिसला पाश्चात्त्य स्वरमेळ घोटला त्याने तीन हजार वर्षांपूर्वीच्या ऋचेला असा आवाज दिला की तो उसना वाटू नये. बांबूवरच्या अँटेनातून ते आमच्या नागोठण्यात आलं. पॅरिसहून आमच्यापर्यंत यायचा दुसरा रस्ता मला तरी दिसत नाही.

भाटियांना पद्मश्री मिळाली २०१२ मध्ये. पुढे म्हातारपणी त्यांची पैशाची ओढाताण झाल्याच्या बातम्या वर्तमानपत्रांत आल्या आणि मे २०२१ मध्ये ते गेले. हजारो जिंगल, इतके सिनेमे, इतक्या मालिका केलेला माणूस अडचणीत कसा येतो? इथे वाया जाण्याची खरी गोष्ट सुरू होते, आणि ती आपले जाणकार कधीच काढत नाहीत.

१९७७ मध्ये सर्वोच्च न्यायालयात संगीतकार-गीतकारांची संस्था आणि चित्रपट निर्माते यांच्यातल्या खटल्याचा निकाल लागला. निर्मात्याने मोबदला देऊन संगीत करून घेतलं असेल आणि करारात वेगळं काही लिहिलेलं नसेल, तर त्याचा पहिला मालक निर्माता, असा त्याचा अर्थ. वेगळं काही लिहून घेण्याची ताकद किती संगीतकारांत होती? एकदा चेक घेतला की विषय संपला. पुढे ती चाल रेडिओवर हजार वेळा वाजो, कॅसेटवर विकली जावो, दुसऱ्याच्या सिनेमात जावो, बांधणाऱ्याच्या हाती दमडी येईल याची हमी नाही. हे बदललं २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीने. त्यासाठी जावेद अख्तर राज्यसभेत भांडले. चित्रपटगृहात चित्रपटाचा भाग म्हणून वाजणं सोडून इतर वापराच्या रॉयल्टीतला वाटा संगीतकार आणि गीतकार यांना आता करारातही सोडून देता येत नाही. म्हणजे मधली पस्तीस वर्षं पडद्यासाठी काम करणाऱ्याच्या खिशातून कायदेशीरपणे पैसा गळत होता. जिंगलने कलावंताचं वाटोळं केलं म्हणणाऱ्यांनी हे वाटोळं आधी मोजावं. वसंत देसाई १९७५ च्या डिसेंबरात लिफ्टच्या अपघातात गेले. त्यांनी तर निकालही पाहिला नाही आणि दुरुस्तीही नाही.

एक गोष्ट मात्र मान्य करतो, नाहीतर लोक म्हणतील याला टीव्हीवरचं सगळंच गोड लागतं. आजच्या रोजच्या मालिकांत मागे जे वाजतं त्यातलं पुष्कळसं कानाला शिक्षा आहे. सासूने मान वळवली की ढॅण, सुनेने वळवली की ढॅण, तिसऱ्या वेळी चौघांचे चेहरे आणि चार ढॅण. पण ते असं का आहे हेही बघा. मालिका सुरू होताना आनंदाचा, दुःखाचा, कारस्थानाचा असे ठरावीक तुकडे करून घेतात. पुढे रोज एक भाग पाठवायचा असतो, तेव्हा संकलनाच्या खोलीत बसलेला दमलेला पोरगा ते तुकडे चिकटवत जातो. तो भाग संगीतकाराने बहुतेक वेळा पाहिलेलाही नसतो. म्हणजे तिथे वाईट वाजतं ते संगीतकार टीव्हीत गेल्यामुळे नाही; संगीतकाराला टीव्हीतून बाहेर ठेवल्यामुळे. सत्यजित राय यांच्या 'पथेर पांचाली'चं संगीत रविशंकरांनी एका रात्रीच्या बैठकीत उरकलं म्हणतात. घाई तिथेही होती, पण समोर चित्र होतं आणि वाजवणारा जागेवर होता. शीर्षकगीतांचीही तीच गत होऊ घातलीय. मोबाइलवर 'स्किप' म्हणून बटण आलं आणि मिनिटभराची चाल पाच सेकंदांच्या टिंगटाँगवर आली.

हा सगळा वाद मी आज का काढतोय? कारण त्याचा फटका इथल्या पोरांना बसतो. आमच्याकडे मुलाने 'करिअर' केलं म्हणजे कारखान्यात चिकटला. त्यात वाईट काही नाही. त्या कारखान्याने या पंचक्रोशीत घरं बांधली. पण एखादा पोरगा कीबोर्डवर शॉर्टफिल्मला संगीत देत बसला की घरचे म्हणतात वेळ घालवतोय, आणि गाण्यातले जाणकार म्हणतात शिकायचं तर रागदारी शिक, हे काय टीव्हीचं! दोन्हीकडून बंदी. आनंद मोडकांनी बँक ऑफ महाराष्ट्रात नोकरी करत '२२ जून १८९७', 'चौकट राजा', 'मुक्ता', 'दोघी' आणि पुढे 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' केलं. नोकरी आणि पडद्याचं संगीत दोन्ही पेलता येतं, याला आणखी कोणता दाखला हवा? आणि त्या पोराने रागदारी जरूर शिकावी, तीनतालाचं गणित मांडायला ती लागतेच. पण ती शिकून पुढे जाहिरात केली तर त्याने अवमान केला असं कोणी त्याला सांगू नये.

जाणकार मंडळींना माझं एवढंच म्हणणं, की वाया गेलेला एक तरी संगीतकार नाव घेऊन दाखवा, आणि दाखवताना त्याच्या कामाची यादी सोबत ठेवा. आणि गावातल्या मंडळांना, शाळांना एक विनंती. स्नेहसंमेलनाच्या पत्रिकेवर मंडपवाल्याचं नाव असतं, साउंडवाल्याचं असतं, देणगीदारांची तर आख्खी पाठ भरलेली असते. ज्या चालीवर पोरं नाचणार आहेत ती कोणाची, तेही यंदापासून छापा. जागा कमी पडली तर माझ्या नावाची ओळ काढा.